ग्रहणांची वही

भर दुपारी सूर्य काळा पडतो, पाखरे घरट्यांकडे वळतात, हवेत गारवा येतो आणि दोन-चार मिनिटांत सारे पूर्ववत होते. खग्रास सूर्यग्रहणाचे वर्णन एवढेच आहे. पण ते पाहणाऱ्याच्या मनातून आयुष्यभर जात नाही. अशा घटनेची माणसाला भीती वाटली यात नवल नाही. नवलाची गोष्ट दुसरीच आहे. भीती वाटत असतानाही माणसाने ग्रहणाची तिथी लिहून ठेवली. कधी तांब्यावर कोरली, कधी दगडावर, कधी शकावलीत टिपली. ग्रहणाचे कोडे उलगडले ते या नोंदींच्या आधारे.

जालना जिल्हा आणि त्याच्या आसपासचा मुलूख अशा नोंदींच्या दृष्टीने श्रीमंत आहे. विद्यार्थ्यांना ग्रहण शिकवताना आपण चेंडू, मेणबत्ती आणि सावली यांचा उपयोग करतो. त्याच्या जोडीला आपल्या परिसरातला हा इतिहासही सांगता आला, तर भूगोलाचा एक धडा बराच मोठा होईल.

राहू, मुसळ आणि दान

समुद्रमंथनाची गोष्ट सर्वांना ठाऊक आहे. देवांच्या पंगतीत बसून एका दैत्याने चोरून अमृत प्यायले, सूर्य-चंद्राने चुगली केली, विष्णूने त्याचे शिर उडवले. शिर झाले राहू आणि धड झाले केतू. तेव्हापासून राहू सूड म्हणून सूर्य-चंद्राला गिळतो आणि गळा कापलेला असल्याने ते पुन्हा बाहेर पडतात. गोष्ट म्हणून ही फार चांगली आहे. ग्रहण का लागते, का सुटते आणि पुन्हा का लागते या तिन्ही प्रश्नांना तिच्यात उत्तर आहे.

गोष्टीभोवती चालीरीती वाढल्या. पाण्यावर आणि दुधावर तुळशीपत्र ठेवायचे, वेध लागले की जेवायचे नाही, ग्रहण सुटले की अंघोळ करायची. गोदाकाठच्या गावांत त्यासाठी नदीवर गर्दी होते. काही घरांत परातीत पाणी घालून त्यात मुसळ उभे करतात. ग्रहण आहे तोवर ते उभे राहते आणि सुटले की पडते, अशी समजूत आहे. या मुसळाकडे आपण शेवटी पुन्हा येऊ.

काही चाली मात्र इतक्या निरुपद्रवी नाहीत. ‘दे दान, सुटे गिऱ्हाण’ ही आरोळी मराठी खेड्यांत पिढ्यान्‌पिढ्या ऐकू येत असे. ती देत दारोदार फिरण्याचे काम गावाने मांग समाजाकडे लावून दिले होते. राहूचे नाते त्या जातीशी जोडायचे आणि तिला जुने कपडे, धान्य दिले की आकाशातले संकट टळले असे मानायचे. सावली पडे चंद्राची किंवा पृथ्वीची. तिचा डाग मात्र एका जातीच्या माथी बसे.

दुसरा भार गर्भवती स्त्रीवर. तिने ग्रहणात चिरू नये, कापू नये, बाहेर पडू नये. पुढे मूल फाटलेल्या ओठाचे जन्मले, तर आईने ग्रहण पाळले नाही असे म्हणायला घरचे मोकळे. वास्तविक हा दोष गर्भाच्या पहिल्या दोन महिन्यांत चेहऱ्याची जडणघडण होत असताना राहून जातो. त्याचा आकाशाशी संबंध नाही आणि तो शस्त्रक्रियेने दुरुस्त करता येतो. म्हणजे ग्रहण कळणे ही केवळ कुतूहलाची बाब नाही. ते न कळल्याची किंमत कुणीतरी मोजत असते.

तांब्यावरची आणि दगडावरची ग्रहणे

ग्रहणकाळी दिलेल्या दानाचे पुण्य मोठे, या समजुतीमुळे राजे लोक त्या वेळी गावे आणि जमिनी दान देत. दानाचा पुरावा राहावा म्हणून ताम्रपट करून देत आणि त्यात शक, महिना, तिथी आणि ‘सूर्यग्रहणाच्या पर्वावर’ अशी नोंद करीत. देणाऱ्याला पुण्य मिळाले की नाही हे सांगता येत नाही. इतिहासकारांना मात्र मोठा ठेवा मिळाला.

जालना जिल्ह्याच्या दक्षिण सीमेवरून गोदावरी वाहते. याच नदीवर, जिल्ह्याला लागून असलेल्या पैठणला, राष्ट्रकूट राजा तिसरा गोविंद याचे ताम्रपट सापडले. त्यावर शके ७१६, वैशाख अमावास्या आणि सूर्यग्रहण असा उल्लेख आहे. गणित करून पाहिले असता ही तिथी ४ मे ७९४ या दिवशी येते आणि त्या दिवशी खरोखरच सूर्यग्रहण होते. बाराशे वर्षांपूर्वी तांब्यावर कोरलेला एक शब्द आणि आज मांडलेले गणित यांची अशी गाठ पडते. शक, महिना, तिथी आणि ग्रहण जुळले की त्या लेखाचा काळ पक्का होतो. एखाद्या बनावट ताम्रपटाचे बिंगही अशाच तपासणीत फुटू शकते.

दुसरी नोंद याहून बोलकी आहे. चाळीसगावजवळ पाटण येथे एक शिलालेख आहे. डॉ. भाऊ दाजी लाड यांनी तो एकोणिसाव्या शतकात अभ्यासकांपुढे आणला. थोर गणिती भास्कराचार्य यांचा नातू चांगदेव हा यादव राजा सिंघण याच्या दरबारी ज्योतिषी होता. आपल्या आजोबांचे ग्रंथ शिकवले जावेत म्हणून त्याने तिथे एक मठ स्थापन केला. त्या मठाला तेथील निकुंभ घराण्यातल्या सोइदेवाने दान दिले. हे दान प्रभव संवत्सरात, श्रावण पौर्णिमेला, चंद्रग्रहणाच्या वेळी दिल्याचे लेखात म्हटले आहे. ती तारीख ९ ऑगस्ट १२०७. लेखाचा शेवटचा भाग जुन्या मराठीत असल्याने भाषेच्या अभ्यासकांनाही तो मोलाचा वाटतो.

आता यातली गंमत पाहा. या मठात शिकवायचा मुख्य ग्रंथ म्हणजे ११५० साली पूर्ण झालेला ‘सिद्धांतशिरोमणि’. चंद्रग्रहण आणि सूर्यग्रहण यांचे गणित कसे करावे यावर त्यात स्वतंत्र अधिकार, म्हणजे प्रकरणे आहेत. ग्रहण ही सावली आहे हे शिकवणाऱ्या शाळेला देणगी मिळाली ती ग्रहणात दान द्यावे या श्रद्धेतून. एकाच दगडावर गणित आणि श्रद्धा शेजारी शेजारी नांदताना दिसतात.

पुढे शिवकाळातही हेच दिसते. शिवाजी महाराजांनी महाबळेश्वर येथे जिजाबाईंची सुवर्णतुला केली ती पौष अमावास्येच्या सूर्यग्रहणाच्या पर्वावर. जुन्या इंग्रजी पंचांगाप्रमाणे ती तारीख ६ जानेवारी १६६५ येते. जेधे शकावलीसारख्या साधनात अशी नोंद असल्यामुळेच आपण हा दिवस निश्चितपणे सांगू शकतो.

राहूचा झाला बिंदू

ग्रहणाचे खरे कारण भारतीय गणितींना फार पूर्वीच उमगले होते. आर्यभटाने इ. स. ४९९ च्या सुमारास स्पष्ट लिहिले की सूर्याला चंद्र झाकतो आणि चंद्राला पृथ्वीची मोठी छाया झाकते. वराहमिहिरानेही राहू गिळतो ही कल्पना नाकारली. ब्रह्मगुप्ताने मात्र परंपरेची बाजू घेऊन राहूची पाठराखण केली. आकडेमोड करताना त्याने वापरली ती सावलीच! पुढे भारतात आलेल्या अल्बिरूनीला ही विसंगती चांगलीच खटकली होती.

मग पंचांगातून राहू-केतू गेले का? नाही, ते राहिले. फक्त त्यांचा अर्थ बदलला. चंद्राची कक्षा पृथ्वीच्या कक्षेशी सुमारे ५ अंशांनी कललेली आहे. त्यामुळे दर अमावास्येला चंद्र सूर्याच्या थोडा वरून किंवा खालून निघून जातो आणि ग्रहण होत नाही. या दोन कक्षांची पातळी जिथे छेदते ते दोन बिंदू म्हणजे राहू आणि केतू. अमावास्या किंवा पौर्णिमा या बिंदूंच्या जवळ घडली तरच ग्रहण होते. दैत्याचे शिर आणि धड यांचे गणितातले असे दोन बिंदू झाले. हे बिंदू स्वतःही मागे मागे सरकतात, म्हणून सूर्य एका बिंदूपाशी पुन्हा येतो तो सुमारे ३४६.६ दिवसांनी. याला ग्रहणवर्ष म्हणता येईल.

महाराष्ट्रात ही आकडेमोड गावोगावच्या जोशांपर्यंत पोहोचली ती कोकणातल्या नांदगावच्या गणेश दैवज्ञाच्या ‘ग्रहलाघव’ या ग्रंथामुळे. शके १४४२ म्हणजे इ. स. १५२० चा हा ग्रंथ. अवघड ज्यांचे कोष्टक न वापरता, सोप्या रीतीने ग्रहगणित करण्याची सोय त्यात होती. शतकानुशतके पंचांगे त्यावरून होत राहिली. काळ जाईल तसा गणितात फरक साठत गेला. एकादशी आज की उद्या यावर वाद घालता येतो, पण ग्रहण ही पंचांगाची जाहीर परीक्षा असते. छापलेल्या वेळी आकाशात काही दिसले नाही, तर ते साऱ्या गावाला कळते. केरो लक्ष्मण छत्रे यांनी १८६० साली ‘ग्रहसाधनाची कोष्टके’ प्रसिद्ध केली आणि १८६५ पासून आधुनिक गणितावर आधारलेले पंचांग सुरू केले. पुढे ते पटवर्धनी पंचांग म्हणून ओळखले गेले. आकाशाशी पंचांग ताडून पाहायचे, हा त्यामागचा आग्रह होता.

जेऊरचा तळ

२२ जानेवारी १८९८ रोजी दुपारी चंद्राची सावली कोकण किनाऱ्यावर उतरली आणि ईशान्येकडे धावत गेली. सोलापूर जिल्ह्यातले जेऊर, पुढे मराठवाड्याचा तेव्हा निजामाच्या राज्यात असलेला भाग, मग विदर्भातले पुलगाव असा तिचा मार्ग होता. जालना शहर या पट्ट्याच्या उत्तरेस राहिले. तिथे सूर्याचा बराच भाग झाकला गेला, पण खग्रास स्थिती आली नाही. पट्ट्यातल्या गावांत ती सुमारे दोन मिनिटे टिकली.

या दोन मिनिटांसाठी जगभरातून निरीक्षक आले. करमाळा तालुक्यातल्या जेऊर या छोट्या रेल्वे स्टेशनाजवळ अमेरिकेच्या लिक वेधशाळेचे कॅम्पबेल यांनी तळ ठोकला. तिथेच पुण्याच्या महाराजा तख्तसिंहजी वेधशाळेचे प्रा. कावसजी दादाभाई नायगमवाला आपली उपकरणे घेऊन उभे होते. त्यांनी या निरीक्षणांचा सविस्तर अहवाल १९०२ साली प्रसिद्ध केला. विदर्भात तळणी येथे आलेल्या ॲनी माँडर यांनी सूर्याच्या प्रभामंडलातून दूरवर गेलेल्या किरणशलाकांचे छायाचित्र घेतले. त्या काळी पुण्यात प्लेग होता, नुकताच दुष्काळ येऊन गेला होता. अशा दिवसांत आकाशात सूर्य काळा पडलेला पाहून लोकांच्या मनात काय आले असेल याची कल्पना करता येते. त्याच वेळी, त्याच आकाशाखाली काही माणसे घड्याळ पाहून काचेवर छायाचित्रे टिपत होती.

विजयदुर्गाची दुरुस्ती

नोंद का तपासावी लागते, याचे एक उदाहरण विज्ञानाच्या इतिहासातलेच आहे. ‘१८ ऑगस्ट १८६८ च्या ग्रहणात नॉर्मन लॉकियर यांनी विजयदुर्ग किल्ल्यावरून हेलियमचा शोध लावला’ असे आपल्याकडे वारंवार लिहिले आणि सांगितले जाते. किल्ल्यावर ‘साहेबाचे कट्टे’ म्हणून चौथरेही दाखवले जातात.

तारखा लावून पाहू. १८६८ च्या ग्रहणात फ्रेंच शास्त्रज्ञ यान्सन आंध्रातल्या गुंटूर येथे होते. सूर्याच्या कडेवरच्या ज्वालांच्या वर्णपटातील तेजस्वी रेषा त्यांनी पाहिल्या आणि दुसऱ्याच दिवशी, ग्रहण नसतानाही, त्या पाहण्याची रीत शोधली. लॉकियर त्या वेळी इंग्लंडमध्ये होते. तिथूनच २० ऑक्टोबर १८६८ रोजी, ग्रहणाविनाच, त्यांनी ही निरीक्षणे केली. वर्णपटातली एक पिवळी रेषा सोडियमची नाही, हे पुढे स्पष्ट झाले आणि त्या अज्ञात मूलद्रव्याला हेलियम हे नाव मिळाले. पृथ्वीवर हा वायू रॅम्से यांना १८९५ मध्ये सापडला. लॉकियर विजयदुर्गला आले ते त्यानंतर, १८९८ च्या ग्रहणासाठी.

म्हणजे विजयदुर्गाचे ग्रहण खरे, लॉकियर खरे, हेलियमही खरा. पण तीस वर्षांच्या अंतराने घडलेल्या दोन गोष्टी एकत्र शिवल्या गेल्या. एका आवडत्या गोष्टीची जागा दुसऱ्या आवडत्या गोष्टीने घेतली. राहूची कथा तपासायची आणि विज्ञानाची कथा मात्र न तपासता सांगायची, असे चालणार नाही. विजयदुर्गाचे महत्त्व याने कमी होत नाही. १८९८ चा त्याचा स्वतःचा इतिहास सांगण्यासारखा आहेच.

ग्रहण पुन्हा येते

आता नोंदींच्या सर्वांत मोठ्या फळाकडे येऊ. प्राचीन बॅबिलोनमध्ये पिढ्यान्‌पिढ्या ग्रहणे टिपणाऱ्यांच्या लक्षात आले की ग्रहणांचा क्रम सुमारे १८ वर्षे ११ दिवसांनी पुन्हा तसाच येतो. याला सारोस चक्र म्हणतात. त्याचे कारण साध्या गुणाकारात आहे. २२३ चांद्रमास म्हणजे सुमारे ६५८५.३ दिवस आणि १९ ग्रहणवर्षे म्हणजे सुमारे ६५८५.८ दिवस. दोन्ही जवळजवळ सारखी असल्याने सूर्य, चंद्र आणि राहू-केतूचे बिंदू पुन्हा तशाच स्थितीत येतात.

६५८५ दिवसांवर जो सुमारे एक-तृतीयांश दिवस उरतो, तो मोठा महत्त्वाचा. तेवढ्या वेळात, म्हणजे जवळजवळ आठ तासांत, पृथ्वी स्वतःभोवती एक-तृतीयांश फेरा फिरते. म्हणून पुढचे ग्रहण पृथ्वीच्या दुसऱ्या भागात दिसते. जेऊरच्या ग्रहणाचेच पुढचे अवतार पाहा: ३ फेब्रुवारी १९१६, १४ फेब्रुवारी १९३४, २५ फेब्रुवारी १९५२, ७ मार्च १९७०, १८ मार्च १९८८, २९ मार्च २००६ आणि ८ एप्रिल २०२४. शेवटचे ग्रहण मेक्सिको आणि अमेरिकेतून कोट्यवधी लोकांनी पाहिले. ते जेऊरच्या ग्रहणाच्या सातव्या पिढीचे! एका ठरावीक गावाला मात्र खग्रास सूर्यग्रहण सरासरीने पावणेचारशे वर्षांतून एकदा दिसते. एकाच गावाच्या आठवणीतून हे चक्र सापडणे कठीण. त्यासाठी लिहिलेले कागद हवेत आणि ते दूरदूरच्या नोंदींशी जुळवून पाहायला हवेत.

भीतीचीही आवर्तने होतात. फेब्रुवारी १९६२ मध्ये मकर राशीत आठ ग्रह एकत्र येणार, या अष्टग्रहीच्या बातमीने देशभर घबराट पसरली. जगबुडी होणार म्हणून ठिकठिकाणी यज्ञ झाले. त्या आठांमध्ये सूर्य, चंद्र आणि केतूही मोजलेले होते. अमावास्येला सूर्य-चंद्र केतूजवळ आले म्हणजे ग्रहण आलेच. ते ५ फेब्रुवारीला न्यू गिनी आणि प्रशांत महासागरावर लागले. जग बुडाले नाही. त्याच चक्रातले पुढचे ग्रहण १६ फेब्रुवारी १९८० रोजी कारवारपासून ओरिसाच्या किनाऱ्यापर्यंत खग्रास दिसले, आणि पट्ट्याबाहेरच्या शहरांतही दारे-खिडक्या बंद झाल्या, रस्ते ओस पडले. २४ ऑक्टोबर १९९५ ला मात्र चित्र पालटलेले होते. राजस्थान ते बंगाल या पट्ट्यात ग्रहण पाहायला शिक्षक, विद्यार्थी आणि हौशी निरीक्षक मुद्दाम गेले. पंधरा वर्षांत आकाश बदलले नव्हते; लोकांना मिळालेली माहिती बदलली होती.

शाळेत काय करता येईल?

आपल्या शाळेत ग्रहणांची एक वही ठेवावी. प्रत्येक ग्रहणाची तारीख, पंचांगात दिलेली स्पर्श-मोक्षाची वेळ आणि विद्यार्थ्यांनी स्वतः पाहिलेली वेळ लिहावी. चंद्रग्रहण नुसत्या डोळ्यांनी बिनधोक पाहता येते, तेव्हा सुरुवात त्यानेच करावी. सूर्याकडे मात्र प्रमाणित ग्रहणचष्म्याशिवाय क्षणभरही पाहू देऊ नये. डोळ्याचा पडदा भाजला तरी दुखत नाही, म्हणून इजा झाल्याचे उशिरा कळते. त्यापेक्षा पुठ्ठ्याला टाचणीने भोक पाडून सूर्याची प्रतिमा कागदावर घ्यावी. शाळेच्या आवारात लिंबाचे झाड असेल तर फारच उत्तम. पानांच्या फटींतून जमिनीवर पडणारे कवडसे ग्रहणात कोरीचे आकार घेतात आणि सारा वर्ग ते एकदम पाहू शकतो. २ ऑगस्ट २०२७ चे ग्रहण महाराष्ट्रात दुपारनंतर खंडग्रास आहे. पावसाळ्याचे दिवस असल्याने ढग आडवे येऊ शकतील. तसे झाले तर ‘ढग’ अशी नोंद करावी. तीही नोंदच आहे.

सारोसचा खेळही वहीत करता येईल. वर दिलेल्या तारखांमधले दिवस मुलांना मोजायला सांगावे. कधी १०, कधी ११, तर कधी १२ दिवसांचा फरक का येतो, हे लीप वर्षे मोजली की त्यांचे त्यांनाच सापडेल. मग २२ जुलै २००९ च्या, सुरतेपासून पाटण्याकडे गेलेल्या ग्रहणाचे पुढचे आवर्तन कोणते, हे त्यांना काढू द्यावे.

आणि ते मुसळ? ग्रहणाच्या दिवशी ते परातीत जरूर उभे करावे. त्याला कुणी हसू नये, मोडता घालू नये. मोक्षाची वेळ टळून गेल्यावरही ते उभे आहे की नाही ते पाहावे. दुसऱ्या दिवशी, आठवड्याने, एखाद्या साध्या मंगळवारी तेच मुसळ पुन्हा उभे करावे. तळ सपाट असेल आणि गुरुत्वमध्य तळाच्या वर राहिला, तर ते कोणत्याही दिवशी उभे राहते. ज्या घरात मुसळ फक्त ग्रहणातच उभे करून पाहिले जाते, त्या घराला हे कळायचा मार्ग नाही. दोन्ही दिवशीची नोंद मुलांनी स्वतःच्या हाताने वहीत करावी आणि घरी आजीला दाखवावी.